पिवळ्याचं लाल

खोटं बोलायचंच असेल तर माणसानं दगडाबद्दल बोलावं. दगड ठेवाल तिथं पडून राहतो, रंग बदलत नाही, आणि कुणी बघायला आलंच तर तोंडघशी पाडत नाही. अध्यक्षांनी मात्र खोटं बोलायला झाड निवडलं. आणि झाड तरी कसलं, तर सकाळी पिवळीधमक फुलं उघडणारं. दुपारी तीच फुलं नारंगी होतात आणि संध्याकाळी लाल होऊन गळतात. अशा झाडाबद्दल थाप मारायची म्हणजे ती दिवसातून तीनदा बदलावी लागते. एवढी अक्कल असती तर अध्यक्ष थाप मारायला गेलेच नसते म्हणा.

अध्यक्ष म्हणजे फार मोठी असामी समजू नका. ते ज्या इमारतीत राहत, तिच्या बाग समितीचे ते अध्यक्ष. बाग म्हणजे फाटकापासून पाण्याच्या पंपापर्यंतचा मातीचा पट्टा, आणि समिती म्हणजे ते स्वतः. नाव लोकांनी थट्टेनं ठेवलं होतं, पण ज्याची थट्टा होते त्याला ती सगळ्यात शेवटी कळते. हे दारावर 'अध्यक्ष' अशी पाटी लावून मोकळे झाले. बायको म्हणाली, "अहो, खाली नाव तरी घाला, लोकांना वाटेल आत सभा भरलीय." त्यावर आठवडाभर फुगून बसले.

झाड त्यांच्या आईचं. समुद्राकाठच्या घरामागं, वाळूत, जास्वंदीच्या जातीची ही रानटी झुडपं रांगेनं उभी असायची. घरात सगळे त्याला दर्याचं झुडूप म्हणत. आईकडे घड्याळ होतं, पण तिचा भरवसा झुडपावर. फुलं पिवळी आहेत तोवर खेळा, नारंगी झाली की अभ्यासाला बसा, लाल झाली की पाय धुऊन घरात या. थोरल्या ताईला रंग ओळखायला शिकवलं ते त्याच झुडपानं. पिवळा कुठं संपतो आणि नारंगी कुठं सुरू होतो, हे ती तासन्‌तास बघत बसायची आणि धाकट्या भावाला बोट दाखवून सांगायची. भावाला तेव्हाही काही दिसत नसे, पण तो तेव्हाही "हो, दिसलं" म्हणायचा.

पुढं ताई रफू करायला लागली. कुणाचा कोट उंदरानं कुरतडलेला, कुणाच्या शालीला ठिणगीनं भोक पडलेलं. ताई दोऱ्याला दोरा असा लावायची की भोक होतं कुठं, ते मालकालाच सापडू नये. तिचं दुकान म्हणजे एक खिडकी, एक खुर्ची आणि भिंतभर दोऱ्यांची रिळं. लग्न केलं नाही, कुणाच्या दारी गेली नाही, त्या खिडकीवर सगळं आयुष्य काढलं.

आई गेली, आणि मागोमाग किनाऱ्याला भिंत घालायचं काम निघालं. झुडपांची अख्खी रांग उखडणार म्हटल्यावर ताईनं आईच्या परसातल्या झुडपाची फांदी कापली, डब्यात रुजवली आणि बसमध्ये मांडीवर घेऊन भावाकडे आली. म्हणाली, "माझ्या दुकानात ऊन नाही, बाळू. तू बागेतला माणूस. तुझ्याकडे जगेल."

बागेतला माणूस म्हटल्यावर अध्यक्ष चेकाळलेच. गच्चीवर ही मोठी कुंडी आणली. काळी माती, शेणखत, पेंड, हाडांचा चुरा, दोन वेळा गोडं पाणी. जे झाड वाळूत उभं राहून खारा वारा खात वाढलं, त्याला यांनी नव्या जावयासारखं खाऊपिऊ घातलं. ते माजलं. पानं ताटलीएवढी झाली, फांद्या कठड्याबाहेर गेल्या. कळी म्हणाल तर एक नाही.

पहिल्या वर्षी ताईनं फोनवर विचारलं, "फुललं का रे?" अध्यक्ष म्हणाले, "हो तर." त्यात काय एवढं, आज नाही तर पुढच्या महिन्यात फुलेलच, असा त्यांचा विचार. पुढच्या महिन्यात ते फुललं नाही आणि ताईनं विचारलं, "आज किती आली?" अध्यक्ष म्हणाले, "मोजतंय कोण, नुसता सडा पडतो." ताई पलीकडे इतकी खूश झाली, की नंतर खरं सांगणं जिवावर यायला लागलं. बहिणीवर त्यांची माया होती, त्यात काही खोटं नव्हतं. पण सगळा दोष मायेच्या माथी मारू नका. तोवर इमारतीत बोभाटा झाला होता, आणि अध्यक्षांना तो आवडत होता.

जिन्यात कुणी भेटलं की दर्याच्या झुडपावर व्याख्यान. बघायला येतो म्हटलं की, "नको, झाड लाजरं आहे, परक्याची सावली पडली की कळ्या गाळतं." असा शोध लावून त्यांनी गच्चीला कुलूप घातलं. आता माणसाचा स्वभाव बघा. जे बघायला मिळत नाही ते आपण बघून आलोय, असं सांगण्यात जी मजा आहे ती खरंच बघण्यात नाही. आधी सोसायटीचे सेक्रेटरी म्हणाले, मला त्यांनी खास बोलावून दाखवलं. मग तळमजल्यावरचे दातांचे डॉक्टर म्हणाले, मी तर नारंगी होतानाही पाहिलंय. दुसऱ्या मजल्यावर एक निवृत्त मुख्याध्यापिका राहत, त्यांना सगळे मोठ्या बाई म्हणत. 'मला माहीत नाही' हे वाक्य त्यांच्या तोंडून उभ्या जन्मात कुणी ऐकलं नव्हतं. त्यांनी लाल रंगाच्या छटा समजावून सांगितल्या. या तिघांचं बोलणं अध्यक्षांनी कधी खोडलं नाही, आणि तिघांनीही अध्यक्षांना काही विचारलं नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची.

अशी काही वर्षं गेली, आणि एक दिवस ताईचा फोन आला. "बाळू, डोळ्याचं ऑपरेशन झालं. मी येतेय. मला आईचं झाड बघायचंय. सकाळपासून संध्याकाळपर्यंत, पुढ्यात बसून."

अध्यक्षांच्या तोंडचं पाणी पळालं. बायको शिलाई मशीनवर होती. तिनं पायडल थांबवलं आणि सगळं ऐकून घेतलं.

"मग सांगून टाका," ती म्हणाली. "झाड आहे, फूल नाही. एवढंच तर बोलायचंय."

"इतकी वर्षं दुसरंच सांगत आलोय."

"म्हणूनच आता सांगा."

अध्यक्षांची नजर तिच्या मशीनखालच्या कापडांच्या तुकड्यांवर गेली. बायकोनं ती नजर ओळखली. "मला तुमच्या पापात ओढू नका," म्हणाली आणि पुन्हा पायडल मारायला लागली. पण संसार म्हटला की पापाची वाटणी होतेच. शिवाय ती हाडाची शिवणकाम करणारी. कापडाचं फूल झाडावर खरं दिसेल का, हा किडा एकदा डोक्यात शिरल्यावर तिलाही स्वस्थ बसवेना. पिवळं अस्तर निघालं, मधल्या गर्द ठिपक्याला जुन्या खिशाचा तुकडा सापडला. पाकळ्यांच्या कडा तिनं आतून अशा दुमडल्या की अध्यक्षांनी फूल नाकाला लावून वास घेतला. तसाच एक लाल संचही तयार झाला आणि मशीनच्या खणात जाऊन बसला. बेत सरळ होता. सकाळी पिवळी फुलं लावायची, दुपारी ताई जेवून आडवी झाली की ती काढून लाल बांधायची, दोनचार खाली टाकायची. ताईची खुर्ची लांब ठेवायची आणि झाडावर औषध मारलंय, हात लावू नकोस, म्हणून सांगायचं.

ताई सकाळच्या बसनं आली. काळा चष्मा, खांद्याला पिशवी. जिना चढताना ती कठड्याला धरून एकेक पायरी पायानं चाचपत होती. ताई जिना कधी अशी चढत नसे. गच्चीचं कुलूप निघालं. ताईनं काळा चष्मा काढून साधा चढवला, खुर्चीवर बसली आणि झाडाकडे बघत राहिली.

"पिवळी," ती हळूच म्हणाली.

"अगदी पिवळी," अध्यक्ष म्हणाले. आज पहिल्यांदाच खरं बोलल्यामुळे त्यांना बरं वाटलं.

मग ताईनं ती का आली ते सांगितलं. "ऑपरेशन झाल्यापासून सगळं निळंनिळं दिसतंय बघ. एका गिऱ्हाइकाच्या काळ्या कोटाला मी निळा दोरा घातला. भर उजेडात. त्यानं पैसे दिले, काही बोलला नाही, पण परत आला नाही. तेव्हापासून मी सुई धरली नाही. डॉक्टर पुस्तकातले रंग दाखवतात आणि म्हणतात, डोळा चांगला आहे. अरे, ते पुस्तक मी आधी कधी पाहिलेलं नाही, मग मला बरोबर दिसतंय की चूक, मी कसं सांगू? जन्मापासून पाठ असलेला रंग एकच, या फुलाचा. पिवळ्याचं लाल होताना मला दिसलं, तर दुकान उघडेन. नाही दिसलं, तर खिडकी शेजारच्या चहावाल्याला देऊन टाकेन. तो मागतोच आहे."

बायकोनं अध्यक्षांकडे असं बघितलं की त्यात सगळं आलं: सांगा, आत्ता सांगा. पण अध्यक्षांच्या डोक्यात दुसरंच चक्र फिरलं. दुपारी फुलं बदलली की ताईला लाल दिसणार, तिचा जीव भांड्यात पडणार, दुकान उघडणार. म्हणजे थाप ही आता थाप राहिलीच नाही, ते औषध झालं. स्वतःच्या अब्रूसाठी सुरू केलेलं काम बहिणीच्या भल्याचं निघालं म्हटल्यावर त्यांना उलट हुरूपच आला. माणूस स्वतःला किती सहज फसवतो, ते बघण्यासारखं असतं.

जेवण झालं. "ताई, आता जरा पडा," बायको म्हणाली.

"पडू कशाला? डोळा तपासायला आलेय, मिटायला नाही," असं म्हणून ताई पुन्हा गच्चीवर जाऊन बसली.

"ऊन लागेल तुला," अध्यक्ष मागोमाग.

"छत्री दे."

छत्री दिली. थोड्या वेळानं बायकोनं खालून हाक मारली, मशीन अडकलंय, ताई जरा बघता का. ताईनं वरूनच सांगितलं, तेल घाला. अध्यक्षांनी शेवटी लाल फुलं खिशात भरून आणली. ताई चहाचा कप तोंडाला लावते आहे असं बघून ते एकदा झाडापर्यंत पोचलेही, पण तेवढ्यात तिनं मान वळवली. खिशात गेलेला हात बाहेर कसा काढावा, हे न कळून ते बराच वेळ तसेच उभे राहिले.

"नारंगी कधी होतात रे तुझ्याकडे?"

"इथं जरा उशीर होतो. समुद्र लांब पडतो ना."

"त्याचा काय संबंध?"

"हवा," अध्यक्ष म्हणाले. ताईनं मान डोलावली. चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. आधी एक डोळा झाकून बघितलं, मग दुसरा. प्रत्येक वेळी तिचा चेहरा थोडा थोडा उतरत होता, आणि तो उतरताना अध्यक्षांना दिसत होता. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, अशी त्यांची गत झाली.

त्यात दुष्काळात तेरावा महिना म्हणतात तसा, ऊन कलल्यावर जिन्यात चपलांचा आवाज आला. गच्चीचं कुलूप निघाल्याची खबर इमारतभर झाली होती. पुढं सेक्रेटरी, मागं दातांचे डॉक्टर, त्यांच्या मागं दम खात मोठ्या बाई. "बहिणीसाठी उघडलंय तर आमच्यावरही कृपा करा," म्हणत सेक्रेटरी आत घुसले. तिघं झाडासमोर उभे राहिले आणि एकदम गप्प झाले.

समोर फुलं पिवळी होती. हळदीसारखी पिवळी. पण सूर्य तर बुडत आला होता, आणि या वेळी फुलं लाल असतात, हे तिघांनीही इतक्यांदा इतक्या जणांना सांगितलं होतं. जो पिवळी म्हणेल, त्यानं आजवर फूल पाहिलेलं नाही हे उघड. डॉक्टर बाईंकडे बघायला लागले, बाई सेक्रेटरींकडे, आणि सेक्रेटरी घड्याळाकडे.

"वा," शेवटी डॉक्टर म्हणाले, "लाल झाली की."

"झालीच," सेक्रेटरी सुटल्यासारखे म्हणाले. "मागच्या वेळी मी पाहिली तेव्हा अशीच होती."

"मागच्या वेळी जास्त विटकरी होती," मोठ्या बाई म्हणाल्या. "हा डाळिंबी लाल आहे. फरक आहे."

सेक्रेटरींनी फोन काढून फोटो घेतला, पडद्यावर बघितलं आणि फोन पटकन खिशात घातला. "कॅमेऱ्यात पिवळी येतात," ते म्हणाले. "यंत्र ते यंत्रच, माणसाच्या डोळ्याची सर नाही."

माणसाच्या डोळ्याचं नाव निघालं आणि ताई खुर्चीतून उठली. "लाल झालीत?" तिनं तिघांना विचारलं. तिघांनी एका सुरात हो म्हटलं. मग ती भावाकडे वळली. "बाळू, लाल झालीत?"

अध्यक्षांना वाटलं, आता जमीन दुभंगावी. सांगायला तोंड उघडलं. समोर डॉक्टर, सेक्रेटरी, मोठ्या बाई. दारावरची पाटी, जिन्यातली व्याख्यानं, लाजऱ्या झाडाचा शोध, सगळं डोळ्यापुढून गेलं आणि तोंडातून निघालं ते असं: "होतायत."

ताईनं चष्मा काढला, घडी केली, डबीत ठेवला आणि डबी बंद केली. मग पिशवीत हात घालून एक छोटी, टोकदार कात्री काढली. मुठीजवळ तिला बोटांनी घासून गुळगुळीत खळगे पडले होते. ती तिनं भावजयीच्या हातात ठेवली.

"वहिनी, ही तुम्ही वापरा. चांगली आहे, फक्त खाली पाडू नका. रिळंही पाठवून देईन." तिचा आवाज साधाच होता, रडका नव्हता. "मला पिवळीच दिसतायत हो. सकाळी दिसली तशीच. डोळा गेला माझा."

आता बघा, अध्यक्ष वाईट माणूस नव्हते. वाईट माणूस त्या क्षणी जागचा हलला नसता. हे तरातरा झाडाकडे गेले, एक फूल धरून हिसडलं. दोरा तुटल्याचा टक् असा आवाज सगळ्यांनी ऐकला. ते फूल त्यांनी ताईच्या तळहातावर ठेवलं आणि तिची बोटं मिटवली.

ताईचा अंगठा पाकळीवरून फिरला. एकदा पुढं, एकदा मागं. मग तिनं कड चाचपली.

"अस्तर," ती म्हणाली.

"हो."

"कड आतून दुमडलीय. हात तुमचा ना, वहिनी?"

वहिनींनी मान खाली घातली.

"ताई, रंग कुठला आहे?" अध्यक्षांनी विचारलं. "या लोकांकडे बघू नकोस. तुला दिसतो तो सांग."

"पिवळा."

"पिवळाच आहे. सकाळी पिवळा होता, आत्ता पिवळा आहे, उद्याही पिवळाच राहणार. झाड एकदाही फुललं नाही, ताई. मी तुला पहिल्या दिवसापासून खोटं सांगत आलोय. तुलाही आणि या सगळ्यांनाही." मग त्यांनी खिशात हात घालून चुरगळलेलं लाल फूल काढलं. "आणि हा?"

ताईनं चष्म्याची डबी उघडली, चष्मा लावला, फूल उजेडाकडे धरलं. "लाल. पण वहिनी, सगळ्या पाकळ्या एका ताग्यातल्या नाहीत. ही एक जास्त जांभळट आहे."

"कापड कमी पडलं," वहिनी पुटपुटल्या.

ताई फुलं हातात घेऊन उभी होती. हसावं की भावाच्या मुस्कटात द्यावी, हे तिचं ठरत नव्हतं. शेवटी तिनं हात पुढं केला. "वहिनी, कात्री द्या इकडे."

कात्री घेऊन ती झाडाजवळ गेली आणि एकेक फूल कापून खाली टाकायला लागली. दोरा शोधायला तिला एकदाही वाकावं लागलं नाही. "आईच्या झाडाला चिंध्या बांधल्यास," ती म्हणाली, आणि आता तिच्या आवाजात चीड होती. "दिवसभर मी इथं बसले, बाळू. माझा डोळा जाताना तू बघत होतास." अध्यक्ष लहान मुलासारखे उभे होते, नाक पुसत. झाड पुन्हा नुसतं हिरवं झाल्यावर ताई म्हणाली, "जिवंत आहे ना, मग पुरे. फुलेल तेव्हा फुलेल. मी विचारीन तेव्हा नाही म्हणायचं. जमेल?"

"जमेल," अध्यक्ष म्हणाले.

दातांचे डॉक्टर आणि सेक्रेटरी पाय न वाजवता जिन्याकडे सरकले होते. मोठ्या बाई मात्र जागच्या हलल्या नाहीत. त्यांनी वाकून खाली पडलेलं एक फूल उचललं, चष्म्याच्या वरून बघितलं, खालून बघितलं, आणि आयुष्यभराच्या सवयीनं म्हणाल्या, "कापडाचं असेल, पण काही म्हणा, किंचित लालसर झाक आहेच."

ताईनं ते फूल त्यांच्या हातातून घेतलं आणि त्यांच्या डोळ्यांसमोर धरलं.

"पिवळं आहे, बाई," ती म्हणाली. मग स्वतःशीच पुन्हा म्हणाली, "पिवळं आहे." आणि वहिनींना देऊन टाकलेली कात्री पुसून तिनं पुन्हा आपल्या पिशवीत ठेवली.